समुद्रापार नेलेली राखाडी खार

(दृश्य: अमेरिकेतलं पानगळीचं जंगल. ओकच्या बुंध्याशी एक खार.)

हिच्या पाठीवर आपल्या खारीसारखे पट्टे नाहीत. अंग राखाडी, पोट पांढरं, शेपूट झुबकेदार. कॅनडाच्या दक्षिण भागापासून फ्लोरिडा-टेक्सासपर्यंत, ओक आणि हिकरीच्या जंगलांत हिचं मूळ घर.

(दृश्य: पुढच्या पंजांत ओकचं फळ, अगदी जवळून.)

तिचे पंजे बघा. फळ फिरवून फिरवून ती पारखते आहे. पांढऱ्या ओकचं फळ पडल्याबरोबर रुजू लागतं. मोड आला की साठा वाया. म्हणून ती दातांनी कोंबच तेवढा कुरतडून काढते आणि मग फळ पुरते. तांबड्या ओकचं फळ वसंतापर्यंत रुजत नाही, ते अख्खंच मातीत जातं. जागोजागी पुरलेली सगळी फळं काही खाऊन होत नाहीत. उरलेल्यांतली काही रुजतात, आणि जंगल पुढे सरकतं.

(दृश्य: इंग्लंडमधली जुनी हवेली, भोवती बाग.)

१८७६ साली चेशर परगण्यातल्या हेनबरी पार्कमध्ये थॉमस ब्रॉकलहर्स्ट यांनी अमेरिकेहून आणलेल्या राखाडी खारी सोडल्या. निव्वळ हौस! पुढे वोबर्नच्या ड्यूक ऑफ बेडफर्डनी त्या ठिकठिकाणी भेटीदाखल पाठवल्या. १९३७ साली सरकारने त्या आणायला आणि पाळायला बंदी केली, पण तोवर त्या रानोमाळ झाल्या होत्या. २०१८ च्या अंदाजानुसार ब्रिटनमध्ये राखाडी खारी सुमारे २७ लाख. तिथली मूळची तांबडी खार तीन लाखांच्याही आत, आणि त्यातल्या बहुतेक स्कॉटलंडमध्ये.

(दृश्य: पाइनच्या फांदीवर तांबडी खार.)

तांबडी अंगाने लहान. ओकची फळं तिला नीट पचत नाहीत, राखाडीला पचतात. त्यात खारींना होणाऱ्या देवी या रोगाचा (स्क्विरलपॉक्स) विषाणू. राखाडी तो अंगात बाळगूनही सहसा धडधाकट राहते. तांबडीच्या डोळ्यांभोवती, तोंडाभोवती, पंजांवर खपल्या धरतात आणि बहुधा पंधरवड्याच्या आत ती मरते. फार हालाचं मरण आहे हे.

झाडंही सुटत नाहीत. उन्हाळ्यात राखाडी खार ओक, बीच यांच्या कोवळ्या झाडांची साल सोलून आतला रसाळ थर खाते. खोडाभोवती साल पूर्ण निघाली, तर त्यावरचा भाग वाळून जातो.

तिला खलनायक म्हणायला जीभ रेटत नाही. तिला कुणी बोटीत घालून नेलं, हे विसरून कसं चालेल?

(दृश्य: आयर्लंडचं जंगल. फांदीवर पाइन मार्टेन.)

वेल्सच्या अँगलसी बेटावरून राखाडी खारी माणसांनी हटवल्या, तेव्हा तांबड्या पुन्हा वाढल्या. आयर्लंडच्या मध्यभागात हेच काम पाइन मार्टेन या शिकारी प्राण्याने केलं. एके काळी माणसाने त्याला जवळपास संपवलं होतं. संरक्षण मिळाल्यावर तो परतला आणि राखाडी खारी कमी झाल्या. तांबडीला या शत्रूची पिढ्यान्‌पिढ्या ओळख. त्याचा वास आला की ती सावध होते, राखाडी होत नाही. मात्र पाइन मार्टेनला दाट झाडी लागते. शहरांतल्या बागांमधल्या राखाडी खारींपर्यंत तो फारसा पोचत नाही.