टाके घालायच्या आधी जीनचा रिपोर्ट

२०१५ साल. जर्मनीतलं बोखुम शहर. सात वर्षांचा एक मुलगा भाजलेल्या पेशंटच्या वॉर्डात आणलाय, पण तो भाजलेला नाहीये. त्याची कातडीच अंगावर टिकत नाही, जरा घासलं की फोड, फोड फुटला की जखम, आणि आता इन्फेक्शन होऊन निम्म्याहून जास्त अंगावरची वरची त्वचा गेलीय. अशा वेळी सर्जन काय करतात, तर चांगल्या जागची कातडी काढून जखमेवर लावतात. पण इथे सगळ्या कातडीत तोच बिघाड, मग लावणार कुठली? वडिलांची लावून बघितली, ती टिकली नाही.

बिघाड होता लॅम्ब-बी-थ्री नावाच्या जीनमध्ये. त्वचेचा वरचा थर खालच्या थराला डिंकासारखा चिकटवून ठेवणारं एक प्रोटीन असतं, त्याचा एक भाग हा जीन बनवतो. मुलाच्या जांघेत फोड न आलेली जागा सापडली, तिथला जेमतेम ४ चौरस सेंटिमीटरचा तुकडा इटलीत मोदेनाला गेला. तिथे मिकेले दे लुका यांच्या टीमने त्या पेशींमध्ये व्हायरसमार्फत जीनची धड प्रत घातली, पेशी वाढवून कातडीचे पातळ तुकडे तयार केले आणि बोखुमच्या प्लास्टिक सर्जन्सनी ते टप्प्याटप्प्याने अंगावर बसवले. साधारण ८० टक्के वरची त्वचा नवीन! २०१७ मध्ये 'नेचर' या विज्ञान नियतकालिकात हे छापून आलं तेव्हा पोरगं शाळेत जात होतं.

अर्थात अशी केस विरळाच. बहुतेक वेळा जीनोमिक्स, म्हणजे जीन्सचा अभ्यास, काही दुरुस्त करत नाही, फक्त सर्जनला आधी सांगून ठेवतं. उदाहरणार्थ बाळाच्या कवटीचे सांधे वेळेआधी जुळतात, डोकं वेडंवाकडं वाढतं, ऑपरेशन करावं लागतं. यातल्या काही बाळांमध्ये एफजीएफआर-थ्री या जीनमधलं डीएनएचं फक्त एक अक्षर बदललेलं असतं, त्याला म्युन्के सिंड्रोम म्हणतात. दिसायला बाळ इतरांसारखंच, पण रिपोर्ट आला की कळतं, याला पुन्हा ऑपरेशन लागायची शक्यता जास्त आहे आणि कानही तपासायला हवेत.

आणि एक गंमत, काही जणांचा एखादाच पाय किंवा हात भलताच वाढतो. रक्त तपासलं तर बऱ्याचदा काहीच सापडत नाही, कारण पीआयके-थ्री-सीए या जीनमधला बदल फक्त त्या वाढलेल्या भागातल्या पेशींत असतो. म्हणून ऑपरेशनमध्ये कापून काढलेला तुकडा फेकायचा नाही, जेनेटिक टेस्टला पाठवायचा. पूर्वी वाढलेलं कापायचं, ते परत वाढायचं, परत कापायचं, एवढंच हातात होतं. पण आधी ब्रेस्ट कॅन्सरसाठी आलेलं अल्पेलिसिब हे औषध २०२२ मध्ये अमेरिकेत अशा गंभीर केसेससाठीही मंजूर झालं. मला विचाराल तर या सगळ्यात पेशंटला सगळ्यात थेट फायदा इथेच झालाय.

केलॉइडचं मात्र अजून जमलेलं नाही. जखम भरल्यावरही व्रण फुगतच राहतो, घराण्यात चालत येतो हे दिसतं, जपानमधल्या अभ्यासात २०१० मध्ये डीएनएमधल्या याच्याशी संबंधित काही जागा सापडल्याही, पण एकटा असा जीन नाही ज्याच्याकडे बोट दाखवता येईल. त्यामुळे टाके घालायच्या आधी सर्जन आजही तेच विचारतात, घरात कुणाला असे व्रण उठलेत का, तुमची आधीची जखम कशी भरली.