मुस्तफाचा आवाज नेमका कुठल्या फाइलमध्ये असतो?

पिवळी टोपी, धावत येऊन घातलेली लाथ... मुस्तफा आठवला ना? गेमचं खरं नाव कॅडिलॅक्स अँड डायनासॉर्स, कॅपकॉमचा, 1993 चा, पण पार्लरमध्ये ते नाव कोण घेतंय, सगळे सरळ 'मुस्तफा लाव' म्हणायचे.

आता तोच गेम मेमवर, म्हणजे जुने पार्लरचे गेम कॉम्प्युटरवर चालवणाऱ्या सॉफ्टवेअरवर, लावायला जा. डायनो झिप, म्हणजे या गेमची फाइल, मेमच्या रॉम्स फोल्डरमध्ये टाकली, नाव बरोबर, सगळं बरोबर, तरी गेम सुरूच होत नाही आणि स्क्रीनवर येतं की डीएल-1425 डॉट बिन सापडली नाही. मग माणूस दुसरी डायनो झिप शोधतो, मग तिसरी. मीपण शोधल्यात. त्यात ती सहसा नसतेच, कारण ती मशीनमधल्या आवाजाच्या चिपच्या पोटातली आहे.

या चिपचं नाव क्यूसाउंड. दोनच स्पीकरमधून आवाज चहूबाजूंनी आल्यासारखा वाटावा, हे तंत्र कॅनडातल्या कॅलगरीच्या क्यूसाउंड लॅब्सचं. बोर्डावरचा झेड-80 प्रोसेसर नुसता हुकूम सोडतो, हा ठोसा वाजव, तो डावीकडून वाजव, आणि वेगळ्या रॉममधले, म्हणजे साठवणीच्या चिपमधले, सॅम्पल (आवाजाचे तयार तुकडे) उचलून मिसळायचं काम ही चिप करते, एका वेळी 16 आवाज. आणि ते कसं करायचं हा प्रोग्राम चिप बनतानाच तिच्या आत कोरलेला, सॅम्पलच्या रॉमसारखा काढून रीडरमध्ये घालता येत नाही. अशा चिपचं वरचं आवरण ॲसिडने उडवतात, मायक्रोस्कोपखाली फोटो काढतात आणि त्यातून एकेक बिट वाचतात. एवढी मेहनत, आणि फाइल निघते फक्त 8 केबीची!

हीच चिप पनिशर या गेममध्ये आहे, सुपर स्ट्रीट फायटर टू मध्ये आहे, म्हणून मेमने तिची फाइल वेगळ्या झिपमध्ये ठेवली. आधी क्यूसाउंड झिप पुरायची, 2018 नंतरच्या व्हर्जनना क्यूसाउंड एचएलई नावाची लागते, आणि अर्धा गोंधळ या नावामुळेच होतो. एचएलई म्हणजे चिपचा प्रोग्राम जसाच्या तसा न चालवता त्याचं काम सॉफ्टवेअरने करणं, पण आवाज डावीकडे किती नि उजवीकडे किती याचे तक्ते अजूनही त्याच फाइलमधून वाचले जातात, म्हणून ती लागतेच. झिप उघडू नका, डायनोच्या शेजारी तशीच ठेवा. हां, कॉपीराइटमुळे मेमसोबत ती येत नाही.

गंमत म्हणजे आमच्या पार्लरच्या मशीनला स्पीकर एकच होता, तोही फाटका. मुस्तफा डावीकडून ओरडतो हे मला परवा हेडफोन लावल्यावर कळलं.