शिन्जो : झगमगाट आणि तालीम

अध्यक्ष महोदय आणि मित्रहो,

निमंत्रणपत्रिकेवर आजचा विषय ‘तळाच्या संघाची उभारणी’ असा छापला आहे आणि त्यावर मी बोलणार आहेच. परंतु ती उभारणी ज्या माणसाने केली, त्याची ओळख करून दिल्याखेरीज विषयाला हात घालता येणार नाही, आणि ही ओळख लांबण्याचा संभव आहे, हे आधीच सांगून ठेवतो.

४ नोव्हेंबर २०२१ रोजी साप्पोरो शहरात भरलेल्या पत्रकार परिषदेत होक्काइदो निप्पॉन-हॅम फायटर्स या बेसबॉल संघाचा नवा मॅनेजर लोकांसमोर आला. अंगात वाइनच्या रंगाचा सूट होता, आत पांढरा शर्ट होता, आणि शर्टाची कॉलर एवढी मोठी होती की मागच्या रांगेतल्या छायाचित्रकाराला आधी कॉलर दिसावी आणि मग चेहरा. त्याचे नाव त्सुयोशी शिन्जो. मला ‘कान्तोकु’ म्हणजे मॅनेजर म्हणून हाक मारू नका, ‘बिग बॉस’ म्हणा, असे त्याने सांगून टाकले. (आपल्याकडे टीव्हीवर जे चालते त्याचा याच्याशी काही संबंध नाही, तेव्हा तरुण श्रोत्यांनी हसू आवरावे.) त्याहूनही धक्कादायक गोष्ट म्हणजे, विजेतेपदाचे ध्येय मी मुळीच ठेवणार नाही, असे तो म्हणाला. फार उंच ध्येय ठेवले की खेळाडूंचा खेळ बिघडतो. रोजचा दिवस नीट खेळू या, आणि सप्टेंबरात आपण शर्यतीत असलो तर मग विजेतेपदाकडे पाहू, असा त्याचा एकंदर हिशेब होता.

आपल्याकडे क्रिकेट संघाचा मॅनेजर म्हणजे विमानाची तिकिटे, हॉटेलच्या खोल्या आणि खेळाडूंचे भत्ते पाहणारा सज्जन गृहस्थ. बेसबॉलमध्ये मात्र कोण खेळणार, कोणत्या क्रमाने खेळणार, पिचर म्हणजे चेंडू टाकणारा केव्हा बदलायचा आणि बेसवरच्या, म्हणजे धावेच्या वाटेवरच्या ठाण्यावर थांबलेल्या, माणसाने केव्हा धूम ठोकायची, हे सगळे मॅनेजरच ठरवतो. जपानमध्ये ही गादी फार गंभीर मानतात. तेत्सुहारु कावाकामी यांनी योमिउरी जायंट्सला १९६५ ते १९७३ अशी सलग नऊ वर्षे जपान सिरीज, म्हणजे देशाचा विजेता ठरवणारी मालिका, जिंकून दिली, ती कडक शिस्तीच्या आणि नियोजनाच्या जोरावर, आणि तेव्हापासून मॅनेजर म्हणजे आठ्या घातलेला, कमी बोलणारा, वडीलधारा पुरुष हे चित्र तिथल्या मनात पक्के बसले. त्या गादीवर हा असा कॉलरवाला येऊन बसला, तेव्हा जुन्या मंडळींनी नाके मुरडली यात नवल नाही.

माझे म्हणणे असे आहे की शिन्जोच्या झगमगाटामागे भरपूर तालीम असते, आणि ती तालीम ज्यांना दिसत नाही ते त्याला विदूषक समजतात. त्यासाठी मला १२ जून १९९९ च्या रात्री कोशिएन मैदानावर जावे लागेल. मला जो कोणी ऐकून घेईल त्याला मी ही हकिकत सांगतो, आणि आज तर आपण सर्वजण दाराकडे पाठ करून बसलेले आहात.

शिन्जो तेव्हा हानशिन टायगर्सचा मध्यक्षेत्ररक्षक होता. समोर होते जायंट्स. या दोन संघांमधले वैर साऱ्या जपानला ठाऊक आहे. त्याची वर्णने करू लागलो तर हे सभागृह रिकामे करण्याची वेळ येईल. सामना ४-४ असा बरोबरीत अडकून बाराव्या इनिंगपर्यंत लांबलेला. टायगर्सचा एक गडी बाद, पहिल्या आणि तिसऱ्या बेसवर धावणारे उभे, आणि बॅट घेऊन आला शिन्जो. तिसऱ्या बेसवरचा माणूस घरी, म्हणजे फलंदाजापुढच्या प्लेटवर, पोहोचला की धाव होऊन सामना संपणार. अशा वेळी प्रतिपक्ष काय करतो? पिचर मुद्दाम चार चेंडू बॅटच्या आवाक्याबाहेर टाकतो आणि फलंदाजाला फुकट पहिल्या बेसवर पाठवतो. त्यामुळे सगळे बेस भरतात आणि पुढच्या एकाच फटक्यावर दोन गडी टिपण्याची सोय होते. हे चार चेंडू म्हणजे निव्वळ उपचार. प्रेक्षक तेवढ्यात पाणी पिऊन येतात.

पिचर हिरोमी माकिहारा यांनी पहिला चेंडू बाहेर टाकला. दुसराही बाहेरच निघाला होता. शिन्जोने बॅट लांबवली, अंग जवळजवळ प्लेटवर झोकून दिले आणि तो चेंडू डाव्या बाजूच्या मोकळ्या जागेतून मारला. धावणारा घरी, सामना खलास, पन्नास हजारांच्या आसपास माणसे मावणाऱ्या त्या मैदानात नुसता कल्लोळ. नंतरच्या मुलाखतीत तो ध्वनिक्षेपकावर ओरडला की उद्याही जिंकणार.

सगळ्यांना वाटले, लहर आली म्हणून मारला. आता नेपथ्य पाहा. याच्या काही दिवस आधी त्याला असेच मुद्दाम पहिल्या बेसवर पाठवले गेले होते आणि तेव्हाच त्याच्या मनात आले होते की हा चेंडू मारता येईल. टायगर्सचे फलंदाजीचे प्रशिक्षक होते जुनिची काशिवाबारा. ते खेळाडू असताना १९८१ मध्ये त्यांनी असाच मुद्दाम बाहेर टाकलेला चेंडू थेट होम रनसाठी, म्हणजे मैदानाबाहेर प्रेक्षकांत, भिरकावला होता, आणि योगायोग असा की तेव्हा ते खेळत होते याच निप्पॉन-हॅमकडून. अशा गृहस्थाकडे शिन्जो गेला आणि सरावात त्याने आवाक्याबाहेरचे चेंडू मारून पाहिले. त्या रात्री त्याने आधी पाहिले की जायंट्सचा शॉर्टस्टॉप, म्हणजे दुसऱ्या आणि तिसऱ्या बेसमधला क्षेत्ररक्षक, दुसऱ्या बेसकडे सरकून निवांत उभा आहे, म्हणजे डावीकडे वाट मोकळी आहे. त्याने बाकाकडे पाहिले, काशिवाबारांनी मॅनेजर कात्सुया नोमुरा यांना विचारले आणि तिथून होकार आला. लहर म्हणतात ती काय याला? कल्पना, सराव, पाहणी आणि परवानगी, इतक्या पायऱ्या चढून तो चेंडूपर्यंत पोहोचला होता. आता जपानमध्ये २०१८ पासून नुसती खूण केली की फलंदाज पहिल्या बेसवर जातो, चेंडू टाकावेच लागत नाहीत. तेव्हा हा फटका पुन्हा कोणाला मारता येणार नाही. त्या साली टायगर्स तळाला राहिले, हे प्रामाणिकपणे सांगून टाकतो.

नोमुरांविषयी दोन वाक्ये बोलू द्या. आकडेवारी, नोंदी आणि तासन्‌तास चालणाऱ्या बैठका यांवर विश्वास असलेले हे जपानचे सर्वांत पुस्तकी मॅनेजर. त्यांच्या हाताखाली हा ‘परग्रहावरचा माणूस’ आला आणि लोकांना वाटले आता तमाशा होणार. नोमुरांनी काय करावे? सरावशिबिरात त्याला पिचिंग करून पाहू दिले आणि २००० साली त्याला चौथ्या क्रमांकावर, म्हणजे मानाच्या जागी खेळवले. त्या वर्षी त्याने २८ होम रन मारले. या माणसाला रागावून काही मिळत नाही, जबाबदारी देऊन मिळते, हे त्यांनी ओळखले होते. शिन्जोने पुढे आपल्या खेळाडूंना जसे वागवले त्याचे मूळ मला इथे दिसते.

त्याच वर्षाअखेर टायगर्सने त्याला पाच वर्षांसाठी १२० कोटी येनचा करार देऊ केला. तो नाकारून तो किमान वेतनावर, दोन लाख डॉलरवर, अमेरिकेत न्यूयॉर्क मेट्सकडे गेला. २००२ साली सॅन फ्रान्सिस्को जायंट्सकडून वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे तिथल्या विजेतेपदाच्या मालिकेत, खेळणारा तो पहिला जपानी ठरला. २००४ मध्ये परतला तो फायटर्सकडे. हा संघ त्याच वर्षी टोकियो सोडून साप्पोरोला आला होता, आणि होक्काइदो बेटावरची बहुतेक माणसे तोवर टीव्हीवर जायंट्सलाच पाहत आलेली. साप्पोरो डोम हे संघाचे छतबंद मैदान भरून दाखवीन आणि संघाला जपानचा विजेता करीन, असे शिन्जो म्हणाला. मग मुखवटे चढवून सराव, हार्ले-डेव्हिडसनवरून मैदानात प्रवेश, डोमच्या छतावरून खाली उतरणे, असे सगळे सोहळे झाले. २० सप्टेंबर २००४ ला तर कहर झाला. १२-१२ अशी बरोबरी, शेवटची इनिंग, दोन गडी बाद, बेस भरलेले, आणि शिन्जोने चेंडू प्रेक्षकांत मारला. पहिल्या बेसवरून निघालेला सहकारी आनंदाने त्याला बिलगला, दोघे मिठीतच गरकन फिरले आणि त्या फिरण्यात शिन्जो त्याच्या पुढे निघून गेला. पुढच्या धावणाऱ्याला ओलांडले म्हणून शिन्जो बाद! चार धावांऐवजी एकच मिळाली. सामना १३-१२ असा जिंकलाच, पण होम रन कागदावरून पुसला गेला. आजचा नायक मी नाही, आपण सगळे आहोत, असे म्हणून तो मोकळा झाला.

आणि हाच माणूस सतरा वर्षे एकच हातमोजा वापरत होता. पहिल्या पगारातून घेतलेला, साडेसात हजार येनचा. चामडे फाटले की शिवून घ्यायचे, दोरी तुटली की नवी ओवायची, पण मोजा तोच. त्या मोज्याने त्याला उत्कृष्ट क्षेत्ररक्षणाचा गोल्डन ग्लोव्ह दहा वेळा मिळवून दिला. ज्याला आपण उधळ्या म्हणतो त्याच्या हातात काय होते, ते लक्षात ठेवा. २००६ च्या एप्रिलमध्येच त्याने निवृत्ती जाहीर केली आणि ऑक्टोबरात फायटर्सनी जपान सिरीज जिंकली. डोमही भरलेला होता.

संयोजकांची चिठ्ठी आली आहे. तीवर ‘दहा मिनिटे’ असे लिहिले आहे, आणि अक्षर पाहता ती लिहिताना त्यांचा संयम सुटत चालला असावा. तेव्हा बाली बेटावरचे त्याचे वास्तव्य, मोटोक्रॉस, चित्रकला आणि डिसेंबर २०२० मध्ये ४८ व्या वर्षी पुन्हा खेळाडू म्हणून घ्या असे सांगत दिलेली चाचणी, हे सर्व मी सोडून देतो. (त्या चाचणीत त्याने फटका मारला होता. कोणीही घेतले नाही.) छापलेल्या विषयाकडे वळतो.

त्याच्या हाती आलेला संघ सलग तीन वर्षे पाचवा आलेला होता. त्याची नेमणूक झाल्यानंतर काही दिवसांतच संघाने हारुकी निशिकावा, ताइशी ओता यांच्यासारखे अनुभवी खेळाडू मोकळे केले. उरली ती बहुतांशी पोरे. अशा संघाला एक-दोन वर्षे हरणे भागच असते, आणि हरणाऱ्या संघातल्या पोरांवर वर्तमानपत्रे तुटून पडतात. इथे ती कॉलर उपयोगी पडली. २०२२ च्या मार्चमध्ये तो साप्पोरो डोममध्ये हवेत तरंगणाऱ्या दुचाकीवरून आला. हंगामाच्या पहिल्याच सामन्यात त्याने ड्राफ्टमध्ये, म्हणजे नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, आठव्या फेरीत निवडलेल्या नवख्या कोकी कितायामाला पहिला पिचर म्हणून उतरवले. टीका झाली ती बिग बॉसवर. पोरे सावलीत राहून चुका करत होती, आणि त्याने जवळजवळ प्रत्येकाला मुख्य संघात खेळवून पाहिले. माझी जुनी तक्रार आहे ती हीच की त्या दुचाकीचे छायाचित्र जगभर गेले आणि त्याआधीच्या नोव्हेंबरात ओकिनावातल्या कुनिगामीच्या सरावात घडलेले कोणाला माहीत नाही. तिथे तो एका मोटारीच्या टपावर चढून उभा राहिला, हातातली बॅट उंच धरली आणि क्षेत्ररक्षकांना सांगितले की चेंडू फेकाल तो याच्या वर जाता कामा नये. लांबून येणारी फेक सपाट आणि खाली राहिली की मधला खेळाडू ती अडवू शकतो आणि दुसरा धावणारा पुढे सरकत नाही. हे दहा गोल्डन ग्लोव्हवाल्याचे ज्ञान होते. मोटारीचा टप हा फक्त फळा.

त्याच सरावात कोतारो कियोमिया या शालेय काळापासून गाजलेल्या, ड्राफ्टमध्ये सात संघांनी पहिल्या फेरीत मागणी केलेल्या मुलाला त्याने सर्वांदेखत विचारले, जरा जाडा झाला नाहीस का? मुलाने वजन उतरवले, २०२२ मध्ये १८ होम रन मारले आणि २०२४ मध्ये त्याची सरासरी .३०० झाली, म्हणजे दर दहा संधींत तीन यशस्वी फटके. गो मात्सुमोतो २०२२ मध्ये लीगमधला सर्वोत्तम सरासरीचा फलंदाज ठरला. चुसेई मान्नामीने २०२३ मध्ये २५ होम रन मारले.

आकडे झटपट सांगतो. २०२२ : ५९ विजय, ८१ पराभव, सहावा म्हणजे शेवटचा क्रमांक. त्या वर्षाअखेर त्याने बिग बॉस हे नाव उतरवले आणि पुढच्या वर्षी फक्त विजेतेपदच पाहणार असे जाहीर केले. २०२३ : ६० विजय, ८२ पराभव, पुन्हा शेवटचा. इथे त्याची फुशारकी अंगाशी आली, आणि माझ्या मते पहिल्या वर्षीचे ‘ध्येय नको’ हेच धोरण अधिक शहाणे होते. २०२४ : ७५ विजय, ६० पराभव, दुसरा. २०२५ : ८३ विजय, ५७ पराभव, पुन्हा दुसरा. श्रेय त्याचे एकट्याचे नाही. आधीचे मॅनेजर हिदेकी कुरियामा यांच्या काळातली पेरणी होती, किताहिरोशिमातले नवे एस्कॉन फील्ड २०२३ मध्ये उघडले, हिरोमी इतोसारखा पिचर आणि फ्रान्मिल रेयेससारखा परदेशी फलंदाज संघाला लाभला. परंतु दोनदा तळाला गेलेल्या मॅनेजरला मालकांनी ठेवले ते का, तर लोक मैदानात येत होते आणि पोरे सुधारत होती, आणि या दोन्ही गोष्टींत त्याच्या झगमगाटाचा वाटा होता, एवढेच मला सिद्ध करायचे होते; वेळ असता तर नीट केले असते.

२०२५ च्या प्लेऑफमध्ये फुकुओकाच्या सॉफ्टबँक हॉक्सविरुद्धची अंतिम फेरी शेवटच्या सामन्यापर्यंत गेली आणि हॉक्स जिंकले, त्यामुळे मॅनेजर म्हणून जपान सिरीज गाठणे त्याला त्या वर्षीही जमले नाही. दुसरी चिठ्ठी आली आहे. प्रश्न अवश्य विचारावेत, मात्र बेसबॉलचे नियम कोणी विचारू नयेत, कारण सभागृह साडेआठपर्यंतच आपले आहे.