नळाचं पाणी माशांच्या टँकमध्ये जाण्याआधी

(दृश्य: पहाट. नळातून आधी हवा फुसफुसते, मग धार लागते. खाली पांढरी प्लास्टिकची बादली.)

नळ आले. धारेसोबत एक ओळखीचा वास येतो, पोहण्याच्या तलावाच्या कडेला येतो तसा. नागपूरच्या नळांना येणारं पाणी प्रामुख्याने पेंच प्रकल्पाच्या नवेगाव खैरी जलाशयातून आणि कन्हान नदीतून उचललं जातं. गोरेवाडा, गोधनी आणि कन्हान इथल्या शुद्धीकरण केंद्रांत त्यातला गाळ खाली बसवतात, पाणी वाळूच्या थरांतून गाळतात आणि शेवटी त्यात क्लोरीन मिसळतात. थोडा क्लोरीन मुद्दाम शिल्लक ठेवला जातो, कारण केंद्रापासून स्वयंपाकघरापर्यंतच्या कित्येक किलोमीटर पाइपात जंतू पुन्हा शिरू शकतात. पिण्याच्या पाण्याच्या भारतीय मानकानुसार लिटरमागे किमान ०.२ मिलिग्रॅम मुक्त क्लोरीन शिल्लक असायला हवा.

हा शिल्लक क्लोरीन काविळीपासून आणि गॅस्ट्रोपासून घराला वाचवतो, म्हणून तो हवाच. माशाचं मात्र वेगळं आहे. आपण पाणी पितो तेव्हा ते पोटात जातं आणि क्लोरीन तिथेच संपतो. मासा त्याच पाण्यात श्वास घेतो. त्याच्या कल्ल्यांत पाणी आणि रक्त यांच्यामध्ये पेशींचा एक अतिशय पातळ पडदा असतो. क्लोरीन तो पडदा भाजून काढतो. आपल्यासाठी किमान मानलेला ०.२ मिलिग्रॅमचा आकडा बऱ्याच माशांना मारायला पुरतो. संपर्क बराच वेळ राहिला तर त्याच्या दहाव्या भागानेही कल्ल्यांना इजा होते.

(दृश्य: गोल्डफिश अगदी जवळून. कल्ल्याचं झाकण उघडतं, आतली लाल पिसं दिसतात.)

या पिसांकडे नीट बघा. निरोगी माशात ती गडद लाल असतात आणि एका लयीत हलतात. क्लोरीन लागला की त्यांच्यावर चिकट पांढुरका थर येतो, झाकणं भराभर उघडझाप करतात आणि मासा पृष्ठभागाशी येऊन तोंड उघडतो. पाहणाऱ्याला वाटतं, भूक लागली. खरं तर त्याला श्वास पुरत नसतो.

बरेच मासे पाणी बदलल्याच्या दिवशी मरत नाहीत. ते तिसऱ्या-चौथ्या दिवशी मरतात, आणि दोष खाद्याला किंवा दुकानदाराला दिला जातो. कारण असतं फिल्टरमध्ये. त्याच्या स्पंजात, खड्यांत आणि काचेवरच्या बुळबुळीत थरात जिवाणू राहतात. माशाच्या विष्ठेतून आणि कल्ल्यांतून निघणाऱ्या अमोनियाचं आधी नायट्राइट आणि मग नायट्रेट करण्याचं काम ते करतात. क्लोरीन या जिवाणूंनाही मारतो. मग अमोनिया साचत जातो आणि दोन-तीन दिवसांत घातक पातळीला पोचतो. स्पंज नळाखाली चोळून धुण्याची सवयही असंच करते. स्पंज टँकमधूनच काढलेल्या पाण्यात, बादलीत दोनदा पिळायचा. तो थोडा मळका राहिला तरी चालेल.

नागपूरच्या उन्हाळ्यात हे आणखी जड जातं. अमोनियाचा विषारी भाग पाण्याच्या पीएचवर, म्हणजे आम्ल-अल्कपणाच्या मापावर, आणि तापमानावर ठरतो. ३० अंश तापमानाला पीएच ७ असेल तर एकूण अमोनियाचा जेमतेम १ टक्का विषारी रूपात असतो, पीएच ८ झाला की तोच सुमारे साडेसात टक्के होतो. वर ऊन वाढलं की पाण्यातला ऑक्सिजन घटतो. २५ अंशाला पाणी लिटरमागे सुमारे ८ मिलिग्रॅम ऑक्सिजन धरतं, ३५ अंशाला सुमारे ७. नवतप्यात, मेअखेरच्या कडक उन्हात, जखमी कल्ल्याच्या माशाला हा एक मिलिग्रॅमही महाग पडतो.

(दृश्य: काचेची छोटी नळी. त्यात पाणी. तेलासारख्या दोन-चार थेंबांनी ती पिवळी होते.)

म्हणून पाणी बदलण्याआधी ते तपासायचं. नुसत्या वासावर विसंबून राहू नका, कारण थोडा क्लोरीन नाकाला कळत नाही. क्लोरीन तपासणारी ऑर्थोटोलिडीनची किट स्वस्त मिळते. थेंब टाकताच पिवळा रंग आला तर तो मुक्त क्लोरीन. रंग जितका गडद, तितकं प्रमाण जास्त. सुरुवातीला फिका असलेला रंग पाच मिनिटांत गडद होत गेला, तर बांधलेला क्लोरीन, म्हणजे क्लोरॅमिन आहे, असं समजा. नागपुरात क्लोरॅमिन मुद्दाम मिसळतात असं समजायचं कारण नाही. पण मूळ पाण्यात अमोनिया किंवा सेंद्रिय घाण असली की क्लोरीनशी जुळून ते तयार होतं. टिल्लू पंपाने ओढलेल्या लाइनमध्ये बाहेरचं पाणी शिरतं, तेव्हाही. तपासून झालं की नळीतलं पाणी टँकमध्ये ओतू नका, बेसिनमध्ये टाका आणि हात धुवा. हे रसायन अंगाला लागू द्यायचं नाही.

क्लोरीन काढण्याचा सगळ्यात साधा मार्ग म्हणजे पाणी ठेवून देणं. इथे चूक होते ती भांड्यात. २०० लिटरचा ड्रम भरला, वर झाकण घातलं, आणि दुसऱ्या दिवशी तेच पाणी वापरलं, तर क्लोरीन बराचसा आतच असतो. तो पृष्ठभागावरून उडतो, त्यामुळे पसरट टब हवा, उघडा हवा, आणि त्यात एअर पंपाचा दगड तळाशी हवा. एवढं केलं तर २४ तासांत साधारण पाणी मोकळं होतं. तरी घड्याळापेक्षा नळीवर विश्वास ठेवा, रंग आला नाही तरच वापरा. क्लोरॅमिन असेल तर ते नुसतं ठेवून लवकर जात नाही.

उकळलेलं पाणी चालेल का? क्लोरीन जातो, पण ऑक्सिजनही जातो, म्हणून थंड झाल्यावर तासभर हवा सोडावी लागते. बारा लिटर पाण्यासाठी गॅस जाळण्याचा हा खटाटोप व्यर्थ आहे. मेथिलीन ब्लूचे निळे थेंब टाकले की पाणी सुरक्षित झालं, हा समज फार पसरलेला आहे. ते बुरशीवर उपयोगी पडतं, क्लोरीन काढायला ते वापरत नाहीत, आणि फिल्टरच्या जिवाणूंना ते बाधतं. मीठही क्लोरीन काढत नाही. चघळायच्या व्हिटॅमिन सीच्या गोळ्यांत साखर आणि रंग असतात, त्या टँकपासून दूर ठेवा.

(दृश्य: कागदावर पारदर्शक खडे, खडीसाखरेसारखे. शेजारी छोटा डिजिटल काटा.)

हे सोडियम थायोसल्फेट, पाच रेणू पाण्यासकट. फोटो धुणारे याला हायपो म्हणत. रसायनांच्या दुकानात मागितलं की मिळतं. माशांच्या दुकानांतल्या बऱ्याच अँटी-क्लोरीन बाटल्यांत हेच असतं. एक मिलिग्रॅम क्लोरीन निकामी करायला पीएचनुसार दोन ते सात मिलिग्रॅम हायपो लागतो. हिशोब सातने करा, म्हणजे कमी पडत नाही.

१० ग्रॅम खडे तोलून घ्या. बाटलीत ७०-८० मिलिलिटर स्वच्छ पाणी घ्या, खडे टाका, बूच लावून हलवा. आता बाटली तळहातावर धरा. ती गार होत जाते, माठाच्या पाण्यासारखी. हायपो विरघळताना उष्णता खेचून घेतो, हा त्याचा गुण. खडे दिसेनासे झाले की पाणी १०० मिलिलिटरपर्यंत भरा. या द्रावणाच्या १ मिलिलिटरमध्ये १०० मिलिग्रॅम हायपो असतो. १० लिटर पाण्याला १ मिलिलिटर टाकलं की लिटरमागे १० मिलिग्रॅम पडतं आणि सुमारे १.४ मिलिग्रॅमपर्यंतचा क्लोरीन निघून जातो. रोजच्या नळाला हे पुरतं. तपासणीच्या नळीत रंग जास्त गडद पिवळा आला तर मात्रा दुप्पट करा. थोडा जास्त हायपो माशाला बाधत नाही, कमी पडलेला बाधतो. पण हातचं राखून म्हणून वाट्टेल तितकं ओतायचंही नाही, कारण उरलेला हायपो पाण्यातला ऑक्सिजन थोडाफार खातो.

बाटलीवर तारीख लिहा, कपाटात अंधारात ठेवा. द्रावण दुधी झालं किंवा तळाशी पिवळसर भुकटी दिसली की ते फेकून नवं करा.

क्लोरॅमिन असेल तर मात्र एकट्या हायपोचा भरवसा धरू नका. तो क्लोरीनचा भाग काढतो, अमोनिया मोकळा सोडतो. एक मिलिग्रॅम क्लोरॅमिनमागे, क्लोरीन म्हणून मोजलं तर, सुमारे ०.२ मिलिग्रॅम अमोनियाचा नायट्रोजन टँकमध्ये येतो. चालू, पक्क्या फिल्टरला तेवढा पचतो. नव्या टँकमध्ये मात्र अमोनियालाही बांधणारं द्रावण वापरा.

आता मात्रेचा हिशोब. दोन फूट लांब, एक फूट रुंद, एक फूट उंच काचपेटीत सेंटिमीटरांत ६० गुणिले ३० गुणिले ३०, भागिले १०००, म्हणजे ५४ लिटर. तळाचे खडे आणि वरची मोकळी जागा वजा केली की ४५ लिटर खरं पाणी. एका वेळी पाव भाग बदलायचा, म्हणजे ११-१२ लिटर, एक बादली. तिला १.२ मिलिलिटर हायपो, बिनसुईच्या सिरिंजने मोजून. बादलीत दोन मिनिटं ढवळा, पाच मिनिटं थांबा. कुणाला बादली न घेता नळाची नळीच टँकमध्ये सोडायची असेल, तर मात्रा नव्या पाण्याची नव्हे, पूर्ण ४५ लिटरची घ्या, आणि ती पाणी सोडण्याआधी टाका.

ही बादली फक्त माशांसाठी असावी. डासांसाठी कूलरच्या पाण्यात औषध टाकलं जातं, ते माशाला बाधू शकतं. साबण लागलेली, फिनाइलची बादलीही नको.

(दृश्य: गच्चीवरची काळी टाकी. मे महिन्याची दुपार, गच्चीच्या सिमेंटवर हवा थरथरते.)

नळ थेट आहे की पाणी गच्चीवरच्या टाकीतून येतं, हेही बघायला हवं. मेमध्ये दुपारी या टाकीतलं पाणी ४० अंशांपलीकडे जातं. उष्णतेने क्लोरीन लवकर उडतो, हे चांगलं, पण एवढं गरम पाणी ओतलं तर क्लोरीन नसूनही मासा कोलमडतो. पहाटेचं पाणी घ्या आणि ते खोलीत ठेवा. बादली आणि टँक यांच्यातला फरक दोन अंशांच्या आत हवा, हात घालून नव्हे, थर्मामीटर लावून. डिसेंबर-जानेवारीत उलट अडचण येते. रात्री पारा १० अंशांच्या आसपास जातो आणि सकाळचं पाणी बोचतं. तेव्हा बादली रात्रभर घरात ठेवून तापमान जुळू द्यायचं. गिझरचं पाणी मिसळायचा मोह टाळा, तांब्याच्या पाइपातून आलेला तांब्याचा अंश माशांना आणि झिंग्यांना घातक ठरतो.

उन्हाळ्यात अख्खा टँक गरम झाला तर कूलरच्या झोतात ठेवणं कामी येतं, कारण वाफ होऊन पाणी गार होतं. जूनमध्ये पाऊस आला की हवा दमट होते आणि हाच कूलर निरुपयोगी ठरतो. तेव्हा बर्फाची बंद बाटली टँकमध्ये ठेवा, पण तासाला एक अंशाहून जास्त तापमान उतरू देऊ नका.

पावसाळ्यात पाणी गढूळ येतं आणि शुद्धीकरणात क्लोरीनही वाढवावा लागतो. सोसायटीची टाकी ब्लीचिंग पावडरने धुतली असेल तर तो दिवस आणि पुढचा दिवस पाणी बदलूच नका. टँकरचं पाणीही आधी नळीत तपासा, मग बादलीत घ्या.

बोअरचं पाणी क्लोरीनमुक्त, म्हणून थेट चालतं, हा आणखी एक गैरसमज. शहराच्या पश्चिम भागाखाली काळा बेसाल्ट आहे आणि बोअरचं पाणी बरेचदा कठीण येतं. शिवाय ताज्या बोअरच्या पाण्यात कार्बन डायऑक्साइड जास्त आणि ऑक्सिजन कमी असतो. रात्रभर हवा सोडून, एका वेळी दहा टक्केच बदला. गप्पी आणि मॉली अशा पाण्यात खुशाल राहतात. आरओचं शुद्ध पाणी मात्र एकटं वापरू नका, त्यात क्षार फारच कमी असतात.

आणि चूक झालीच तर? मासे वर येऊन तोंड उघडत असतील, तर पाणी काढत बसू नका. पूर्ण टँकच्या हिशोबाने, ४५ लिटरला ४.५ मिलिलिटर हायपो लगेच टाका, एअर पंप पूर्ण सोडा, दिवा बंद करा, दोन दिवस खाद्य बंद.

(दृश्य: पुन्हा तीच काचेची नळी. तिसऱ्या दिवसाची सकाळ.)

पाणी बदलल्यावर तिसऱ्या दिवशी टँकमधल्या पाण्याची अमोनिया चाचणी करा. बाजारात नेहमी मिळणाऱ्या दोन बाटल्यांच्या किटमध्ये नळी हिरवी झाली तर अमोनिया आहे. तेव्हा त्याच दिवशी पाव भाग पाणी काढून हायपो घातलेलं पाणी भरा आणि रोज तपासत राहा. क्लोरीनच्या नळीत नको असलेला पिवळा रंग या नळीत हवाच असतो. नळी पिवळी राहिली, तर फिल्टर जिवंत आहे.