एका आसनाचे विमान

(दृश्य: लाकडी खोका उघडला जातो.)

या खोक्यातून जे बाहेर निघत आहे, त्याला अजून विमान म्हणता येणार नाही. कापलेले अ‍ॅल्युमिनियमचे पत्रे, पंखाला आकार देणाऱ्या रिब, पंखाचा सारा भार पेलणाऱ्या स्पारचे भाग, क्रमांक लावलेल्या पिशव्यांतील रिव्हेट, म्हणजे पत्रे कायमचे जोडणाऱ्या धातूच्या मेखा, व बोल्ट आणि जाडजूड आराखडे, एवढाच हा ऐवज आहे. किट विकत घेतले की विमान जवळजवळ तयारच झाले, असा समज सर्वत्र आढळतो आणि तो घरी विमान बांधणाऱ्यांवर अन्याय करणारा आहे.

(दृश्य: पंखाचे काम, जवळून.)

पत्रा रिबवर बसवून भोके पाडली जातात आणि प्रत्येक भोकात ही स्प्रिंगची पिन, म्हणजे क्लेको, अडकवून दोन्ही भाग तात्पुरते एकत्र धरले जातात. सगळे नीट जुळले की ते पुन्हा सुटे करायचे. मग प्रत्येक भोकाच्या कडेला उरलेली बर, म्हणजे धातूची बारीक धार, दोन्ही बाजूंनी काढायची, कारण त्या धारेपाशी ताण एकवटतो आणि सततच्या कंपनांमुळे तेथूनच भेग सुरू होऊ शकते. त्यानंतर गंजरोधक प्रायमर, पुन्हा क्लेको आणि मग कोठे रिव्हेट. वाकडा बसलेला रिव्हेट ड्रिलने काढावा लागतो. तो काढताना भोक मोठे झाले, तर त्याहून अधिक व्यासाचा रिव्हेट घालावा लागतो. वरचा पत्रा पक्का करण्याआधी ओळंबे आणि पातळीमापक लावून पंख पुन्हा पुन्हा तपासला जातो, कारण पत्रा चारही बाजूंनी बंद झाल्यावर पंखात जो पीळ राहिला असेल, तो कायमचा राहतो. हे काम पाहताना घाई करावीशी वाटते. बांधणारा ती करत नाही.

आसन एकच का, हा प्रश्न स्वाभाविक आहे. दुसऱ्या माणसाचे वजन वगळले की पंख, इंजिन आणि इंधनाची टाकी ही तिन्ही लहान करता येतात. मिशेल कोलोंबाँ यांच्या आराखड्यानुसार 1973 मध्ये उडालेल्या ‘क्रि-क्रि’ या फ्रेंच विमानाचा पंखविस्तार सुमारे 4.9 मीटर आणि रिकामे वजन जेमतेम 78 किलो होते, तरीही त्याला दोन इंजिने होती. त्याही आधी, विसाव्या शतकाच्या पहिल्याच दशकात, ब्राझीलचे आद्य वैमानिक साँतुस-द्युमाँ यांनी आपल्या ‘द्म्वाझेल’ या चिमुकल्या विमानाचे आराखडे कोणतेही पेटंट न घेता सर्वांसाठी खुले केले होते. घरी विमान बांधणे हा अलीकडचा छंद नाही; तो विमानविद्येच्या आरंभापासूनचाच एक प्रवाह आहे.

कायद्यानेही त्याला जागा दिली आहे. अमेरिकेत अशा विमानाला प्रायोगिक वर्गात परवाना मिळतो, मात्र घडणीचा आणि जोडणीचा निम्म्याहून अधिक भाग हौशी व्यक्तीने स्वतःच्या शिक्षणासाठी किंवा आनंदासाठी केलेला असावा लागतो. शिक्षणाचा हा उल्लेख आम्हाला फार मोलाचा वाटतो.

(दृश्य: तीन चाकांखाली तीन वजनकाटे.)

इंजिन बसले, नियंत्रणाच्या दोऱ्या ताणल्या गेल्या, रंगही झाला. आता तीन काट्यांवरील वजनांवरून विमानाचा गुरुत्वमध्य काढला जात आहे. तो मर्यादेपेक्षा मागे सरकला, तर विमान अस्थिर होते आणि वेग मंदावल्यावर नाक खाली आणणे कठीण होऊ शकते. एवढ्या हलक्या विमानात वैमानिकाचे स्वतःचे वजनही या हिशेबातील मोठा आकडा असते, म्हणून तो येथे पूर्ण पोशाखात आसनावर बसला आहे.

(दृश्य: धावपट्टी. निवेदन थांबते, केवळ इंजिनाचा आवाज. विमान उतरल्यावर पुढे.)

घरी बांधलेल्या विमानांचे अपघाताचे प्रमाण इतर खासगी विमानांपेक्षा अधिक असल्याचे अमेरिकेच्या वाहतूक सुरक्षा मंडळाच्या 2012 च्या अभ्यासात नमूद आहे, आणि त्यांतील बरेच अपघात सुरुवातीच्या उड्डाणांत होतात. म्हणूनच तेथे बहुधा 25 ते 40 तासांचे चाचणी-उड्डाण ठरवून दिलेल्या क्षेत्रातच पूर्ण करावे लागते. आसन एकच असल्याने शेजारी प्रशिक्षक बसवण्याची सोय नसते. त्यामुळे अनेक जण आधी तशाच स्वभावाच्या दोन आसनी विमानात सराव करून घेतात.

चाचण्या संपल्या, तरी बांधणाऱ्याचे काम संपत नाही. अमेरिकेत त्याला आपल्याच विमानापुरते दुरुस्तीकाराचे प्रमाणपत्र मिळू शकते आणि दरवर्षीची तपासणी तो स्वतः करून नोंदवहीत सही करू शकतो. कोणता रिव्हेट कोणी, कसा बसवला, हे ठाऊक असलेल्या माणसाकडे हा अधिकार असणे आम्हाला सर्वस्वी योग्य वाटते.