हॅट कोणी दिली?

(दृश्य : आजारी बाई, उशाशी पाद्री)

'द न्यूयॉर्क हॅट' या मूकपटातली ही आई शेवटच्या घटका मोजतेय. गावच्या पाद्र्यावर ती शेवटचं काम सोपवते. नवऱ्याने तिला राबवून राबवून मारलं, चिठ्ठीत तिने तसं स्पष्टच लिहिलंय. तरीही चार पैसे गाठीला बांधून ठेवले. मुलीची कधी हौसमौज झाली नाही; या पैशांतून अधूनमधून तिला काहीतरी घेऊन द्या, आणि कुणाला कळू देऊ नका.

'द न्यूयॉर्क हॅट', १९१२. दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांनी बायोग्राफ या चित्रपट कंपनीसाठी केलेला एका रिळाचा, म्हणजे साधारण पंधरा मिनिटांचा मूकपट. कथा अनिटा लूस या तरुणीने टपालाने पाठवलेली. मोबदला २५ डॉलर.

(दृश्य : दुकानाची काच)

हॅटची किंमत १० डॉलर. त्या मुलीच्या, मॉलीच्या भूमिकेत वीस वर्षांची मेरी पिकफर्ड. तिच्या नजरेकडे बघा. बाप कवडी सोडणारा नाही, पण डोळे काही त्या हॅटवरून हटत नाहीत. पाद्री, म्हणजे लायनेल बॅरीमोर, हे पाहतो आणि हॅट विकत घेतो. आईचा शब्द त्याने पाळला, एवढंच. पण गावातल्या बायांनी त्याला हॅट घेताना पाहिलंय.

(दृश्य : चर्चबाहेर बायका)

मॉली हॅट घालून चर्चला येते आणि कुजबुज सुरू होते. पोरीला एवढी महागडी वस्तू पाद्र्याने का द्यावी? मूकपट असूनही ही कुजबुज ऐकू येते, कारण बायकांच्या माना एकमेकींकडे झुकतात आणि नजरा मात्र मॉलीवरच असतात. बोभाटा बापाच्या कानावर जातो. तो हॅटच्या चिंधड्या करतो. चर्चचे कारभारी पाद्र्याला जाब विचारायला येतात. मॉलीला मात्र सरळ कुणीच काही विचारत नाही.

शेवटी चिठ्ठी बाहेर येते. कुणाला कळू नये म्हणून लिहिलेली ती अक्षरं सगळ्यांसमोर वाचली जातात. पाद्र्याची अब्रू वाचते; बापाने घरात काय केलं, तेही त्याच कागदावरून गावाला कळतं. सबंध चित्रपटातला हा सर्वांत धीट क्षण. ज्या बाईचं जिवंतपणी कुणी ऐकलं नाही, तिचं म्हणणं आता सगळ्यांना ऐकून घ्यावं लागतं.

त्यानंतर पाद्री मॉलीला लग्नाची मागणी घालतो आणि ती होकार देते. हे आम्हाला खटकतं. गावाने ज्या नात्याचा खोटा आळ घेतला, तेच नातं शेवटी पदरात घातलं आहे. चिठ्ठीपाशीच थांबायला हवं होतं.