बॉबच्या शेजारचा

"रेगे म्हणजे बॉब मार्ली," मघाशी चहा घेताना एक जण म्हणाले. रेगे म्हणजे जमैकाचं संगीत, आणि मार्ली त्याचा सगळ्यात गाजलेला गायक. त्यांचं काही चुकलं नाही. पण मी आज बोलणार आहे ते बॉबच्या शेजारी उभं राहून गिटार वाजवणाऱ्या माणसाबद्दल. पीटर टॉश.

१९७३ साली बीबीसीच्या 'ओल्ड ग्रे व्हिसल टेस्ट' या टीव्ही कार्यक्रमात बॉब आणि टॉशचा बँड, वेलर्स, वाजवायला आला. स्टुडिओत ना प्रेक्षक, ना सजावट. कॅमेरा साहजिकच बॉबवर. तुम्ही मात्र कान टॉशच्या गिटारवर ठेवा. हे बघा, टेबलावर धरतो: एक, दोन, तीन, चार. आपण जन्मभर समेची वाट बघणारी माणसं. आणि रेगेच्या 'वन ड्रॉप' ठेक्यात ड्रमवाला पहिली मात्रा चक्क सोडून देतो, घाव घालतो तो तिसरीवर. दुसऱ्या-चौथ्या मात्रेला गिटारची तुटक 'चक्'. सम रिकामी! पहिल्यांदा ऐकताना अंधारात जिन्याची पायरी चुकल्यासारखं होतं. चार-पाच आवर्तनांनंतर तीच चुकलेली पायरी हवीहवीशी वाटू लागते.

टॉशचा जन्म १९४४चा, जमैकातल्या वेस्टमोरलँडचा. खरं नाव विन्स्टन ह्यूबर्ट मॅकिंटॉश. १९७४ साली तो वेलर्समधून बाहेर पडला आणि १९७६मध्ये स्वतःचा पहिला अल्बम काढला. मागणी एकच: गांजा कायदेशीर करा. हसू नका, शब्द आपलाच आहे. १८४५पासून कलकत्त्याहून जहाजं भरभरून मजूर तिकडच्या मळ्यांवर गेले, त्यांच्या गाठोड्यातून हा शब्दही गेला. जमैकात आजही त्याला गांजाच म्हणतात.

आता १९७८ साल घ्या, कारण हा सगळा माणूस त्या एका वर्षात सापडतो. २२ एप्रिलला किंग्स्टनच्या नॅशनल स्टेडियममध्ये शांततेसाठी मोठी मैफल झाली. त्या रात्रीचं जगभर फिरलेलं चित्र तुम्ही पाहिलं असेल: मार्लीने पंतप्रधान मायकेल मॅन्ली आणि विरोधी पक्षनेते एडवर्ड सिआगा यांचे हात एकमेकांच्या हातात दिले. पण त्याआधी टॉश येऊन गेला होता. त्याने दोन गाण्यांच्या मधे भाषणच ठोकलं, समोर बसलेल्या या दोघांना गोरगरिबांवरच्या पोलिसी जुलमाबद्दल सुनावलं आणि मंचावरच गांजाची विडी शिलगावली. पॉलिटिक्सला तो 'पॉलिट्रिक्स' म्हणायचा. त्या रात्रीचं ध्वनिमुद्रण मिळतं, जरूर ऐका.

सप्टेंबरमध्ये पोलिसांनी त्याला पकडलं आणि मरेस्तोवर मारलं. हात मोडला, डोकं फुटलं.

आणि १६ डिसेंबरला न्यूयॉर्कमध्ये, 'सॅटर्डे नाइट लाइव्ह' या टीव्ही कार्यक्रमात, तो रोलिंग स्टोन्स या रॉक बँडच्या मिक जॅगरबरोबर एक जुनं अमेरिकन सोल गाणं म्हणत होता. घरी बसून बघणाऱ्याला काय दिसलं? एक मजेशीर युगुलगीत. तीन महिन्यांपूर्वीचा मार त्यात कुठेच नाही. मी टीव्हीला दोष देत नाही. पाहुण्याने चार मिनिटं गोड दिसावं आणि निघावं, ही त्या माध्यमाची रीत. टॉश चार मिनिटांत मावणारा नव्हता, इतकंच.

पुढे १९८३मध्ये त्याने एम-१६ बंदुकीच्या आकाराची गिटार घेतली. मला ती कधीच आवडली नाही. कॅमेऱ्याला मात्र भलतीच आवडायची. त्यापेक्षा तो मंचावर एकचाकी सायकल चालवायचा, ते मला जास्त भावतं.

११ सप्टेंबर १९८७ला किंग्स्टनमधल्या त्याच्या घरात शिरलेल्या बंदूकधाऱ्यांनी त्याला ठार केलं. पुढच्या वर्षी त्याच्या शेवटच्या अल्बमला ग्रॅमी हा संगीतातला मोठा पुरस्कार मिळाला. जमैकाने दोन औंसांपर्यंतचा गांजा बाळगणं फौजदारी गुन्ह्यातून वगळलं, त्याला २०१५ उजाडावं लागलं.

असो. मागचे दिवे जरा मालवता का? बीबीसीची ती फीत लावतो. बॉबकडे नंतर बघा.